सोंगाड्याचे वतन

बुलढाण्याहून अजिंठ्याच्या डोंगररांगेकडे निघालेल्या प्रवाशास वाटेत देऊळघाट लागते. पैनगंगा येथे नुकतीच डोंगरातून उतरलेली असते. पुढे येळगावच्या धरणात अडून ती बुलढाण्याची तहान भागवते आणि मग साऱ्या वऱ्हाडास वळसा घालीत वर्धा नदीस मिळावयास निघून जाते. आमच्या जिल्ह्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे जे दोन भाग लोकांच्या बोलण्यात नित्य येतात, त्यांपैकी घाटावरच्या मुलखातले हे गाव. मोगलांचा अंमल येथे झाला, निजामाचा झाला, १८५३ साली वऱ्हाड इंग्रजांच्या कारभाराखाली गेले, १९५६ च्या नोव्हेंबरात ते मध्य प्रदेशातून निघून मुंबई राज्यात आले आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्राचा भाग झाले. एवढी राज्ये येऊन गेली, तरी प्रत्येक राज्याने आपल्या मागे दफ्तरातले काही शब्द ठेविले, आणि मराठी, वऱ्हाडी व दखनी उर्दू या तिन्ही बोली कानावर पडणाऱ्या गावात ते शब्द इतके मुरले, की ते कोणत्या दरबारातून आले याची विचारपूस करण्याचे कारणच कोणास पडले नाही.

त्या शब्दांतील एक शब्द ‘कोतवाल’. मोगलाईत कोतवाल म्हणजे शहराचा बंदोबस्त राखणारा मातबर अंमलदार. त्याच्या हुकमाने बाजार उघडत आणि वेशीचे दरवाजे बंद होत. वऱ्हाडातल्या खेड्यात मात्र कोतवाल म्हणजे पटवाऱ्याचे दफ्तर वाहणारा, वसुलीच्या वेळी घरोघर बोलावणे पोहोचविणारा, गल्लीच्या तोंडाशी उभा राहून दवंडी देणारा गावनोकर, आणि तो बहुधा गावकुसाबाहेरच्या वस्तीतला. त्याची दवंडी ऐकत आम्ही वाढलो. एकाच शब्दाच्या एका टोकास सत्तेचा सर्वांत मोठा आवाज आणि दुसऱ्या टोकास सत्तेचा निरोप उन्हातान्हात पोहोचविणारा गरीब माणूस, ही जी विसंगती आमच्या डोळ्यांदेखत रोज चालत होती, तिच्यातच मराठी लोकनाट्याच्या विनोदाचे बीज आहे, असे मला पुष्कळ वर्षांपासून वाटत आले आहे. ते बीज एका गिरणगावच्या तरुणाने १९६५ पासून १९७५ पर्यंतच्या दहा वर्षांत रंगमंचावरून चित्रपटात कसे नेले, आणि तसे नेताना कोणाच्याही दावणीस न बांधला जाता आपला मुखत्यार आपणच कसा राहिला, त्याची हकिकत येथे सांगावयाची आहे. त्या तरुणाचे नाव कृष्णा कोंडके. महाराष्ट्र त्यास दादा कोंडके म्हणून ओळखतो.

या हकिकतीची सुरुवात मात्र दादांपासून होत नाही. ती तमाशाच्या फडापासून होते. गणाने आरंभ, मग गौळण, मग बतावणी आणि शेवटी वग, असा तमाशाचा क्रम ठरलेला. वगाचा इतिहास सांगणारे १८६५ च्या सुमाराचा उमा बाबू सावळजकरांचा ‘मोहना बटाव’ हा पहिला वग मानतात. पण वगाच्याही आधीपासून या खेळाचा प्राण ज्याच्या हाती होता, तो म्हणजे सोंगाड्या. गौळणीत तो पेंद्या होऊन मावशीची वाट अडवी, बतावणीत तो शब्दास शब्द भिडवी, आणि वगात तो राजाच्या पदरचा शिपाई अथवा हवालदार होऊन राजाच्या हुकमाचा असा अर्थ लावी, की हुकूम देणाऱ्याचीच अक्कल उघडी पडावी. त्याच्या बोलण्याची संहिता कोठे लिहिलेली नसे. समोरच्या गर्दीत पाटील बसला आहे की फौजदार, पीक बुडाले आहे की बरे आले आहे, हे पाहून त्याचे वाक्य जागच्या जागी घडत असे. त्याला जे बोलण्याची मोकळीक होती, ती गावात दुसऱ्या कोणासही नव्हती. पाटलास तोंडावर लबाड म्हणणारा माणूस दिवसा चावडीपुढे उभा राहू शकला नसता. रात्री मशालीच्या उजेडात तोच माणूस ते म्हणे, आणि पाटील सर्वांबरोबर हसे.

ही मोकळीक मी वतन या शब्दाने ओळखतो, आणि तो शब्द मी जाणून वापरीत आहे. ज्या महार, मांग, कोल्हाटी कुळांनी तमाशा पिढ्यान्‌पिढ्या जगविला, त्यांतील पुष्कळांच्या वाट्यास गावकीतले दुसरे एक वतन आले होते: वेठीचे, जोहाराचे, मेलेले ढोर ओढण्याचे. त्या वतनाने त्यांची मान वाकविली. फडातल्या वतनाने रात्रीपुरती का होईना ती सरळ केली. जो दिवसा साहेबाचा घोडा धरी, तोच रात्री साहेबाची नक्कल करी. सोंगाड्याच्या विनोदास जी धार आहे, ती या दुःखाच्या सहाणेवर लागलेली आहे, आणि तिचे श्रेय प्रथम त्या अनाम कलावंतांचे आहे. त्यांची नावे कोणत्याही दफ्तरात नोंदली गेली नाहीत.

स्वातंत्र्याच्या आगेमागे या कलेकडे सुशिक्षितांची दृष्टी वळली. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गव्हाणकर यांनी लाल बावट्याच्या कलापथकातून तमाशाचा बाज कामगारांच्या प्रश्नांकडे वळविला, १९४१ साली स्थापन झालेल्या राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकाने तोच बाज लोकशिक्षणाकडे नेला, आणि नीळू फुले व राम नगरकर यांच्यासारखे नट त्या कलापथकातून घडले. पु. ल. देशपांड्यांचे ‘पुढारी पाहिजे’ याच प्रवाहातले. शाहीर साबळ्यांनी ‘यमराज्यात एक रात्र’सारखी मुक्तनाट्ये उभी केली. तमाशास लोकनाट्य हे नवे नाव मिळाले, ते याच काळात. जुन्या फडातली गौळण सौम्य झाली, बतावणी राजकारणावर बोलू लागली, आणि जे प्रेक्षक तमाशाच्या कनातीकडे पाहूनही न पाहिल्यासारखे करीत, ते नाट्यगृहाचे तिकीट काढून त्याच खेळास बसू लागले.

अशा या संधिकाळात दादा कोंडके आले. ८ ऑगस्ट १९३२ रोजी मुंबईच्या नायगावात त्यांचा जन्म झाला. कुटुंब मूळचे भोर संस्थानातल्या इंगवली गावचे. घरातली माणसे गिरणीच्या कामाशी बांधलेली. तमाशाच्या कुळाशी त्यांचा रक्ताचा संबंध नव्हता, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे, कारण ज्या वतनाविषयी आपण बोलत आहोत, ते त्यांना वारसाहक्काने मिळाले नाही. गिरणगावच्या चाळी म्हणजे कोकण, घाट आणि देश येथून पोटासाठी आलेल्या खेड्यांचीच एकावर एक रचलेली वस्ती. तेथे भजन होते, शक्तिवाले आणि तुरेवाले होते, गणपतीतले मेळे होते, लग्नातला बँड होता. त्या बँडमध्ये दादा वाजवीत. ‘अपना बाजार’ या सहकारी भांडारात त्यांनी नोकरी केली. ऐन तारुण्यात अल्पावधीतच घरातली कित्येक माणसे मृत्यूने ओढून नेली, आणि त्या आघातानंतर लोकांना हसविणे हाच जगण्याचा मार्ग त्यांनी धरिला. सेवा दलाच्या सांस्कृतिक कार्यक्रमांतून ते नाटकात आले. पुढे त्यांनी स्वतःचे पथक काढले. आणि ‘खणखणपूरचा राजा’ या लोकनाट्यातील त्यांचे काम वसंत सबनीस यांच्या मनात भरले.

सबनीस हे सोलापूरचे, विनोदी लेखनात मुरलेले, आणि जुन्या वगाचे मर्म जाणणारे लेखक. ‘छपरी पलंगाचा वग’ या नावाने त्यांनी जे लिहिले, तेच ‘विच्छा माझी पुरी करा’ या नावाने १९६५ साली दादांनी रंगमंचावर आणिले. एक मूर्ख राजा, त्याचा प्रधान, त्याचा कोतवाल, कोतवालाच्या हाताखालचा हवालदार आणि मैनावती नावाची चतुर नर्तकी, एवढाच या वगाचा सरंजाम. आणि राजाच्या पलंगाचा लोभ हे त्याचे कारस्थान. दादांनी हवालदार केला. हवालदार ही जागा मोठी खुबीची आहे. तो कारभाराच्या आत आहे म्हणून त्यास सर्व गुपिते कळतात, आणि तळाशी आहे म्हणून त्यास कोणाचीही भीड ठेवण्याचे प्रयोजन नाही. राजधानीतल्या बढत्यांचा, लाचांचा, खुशामतीचा सारा व्यवहार त्या हवालदाराच्या तोंडून उघडा होई, आणि नाव राजाचे असले तरी समोरच्या प्रेक्षकास आपापल्या कचेरीतला साहेब दिसे.

या लोकनाट्याचे दीड हजारांहून अधिक प्रयोग झाले. हा आकडा नुसता लोकप्रियतेचा दाखला म्हणून वाचला, तर त्याचे मर्म हातातून निसटते. दीड हजार प्रयोग म्हणजे दीड हजार गर्दींशी समोरासमोर झालेली भेट. सुपारी आली की पथकाची मोटार निघावी, दिवसभर खडकाळ रस्ता तुडवावा, संध्याकाळी उतरल्याबरोबर बांबू, कनाती आणि दिवे पाहावेत, तिकिटाची पेटी कोणाकडे आहे हे ठरवावे, आणि रात्री पडदा उघडला की मघाच गावात ऐकलेला एखादा शब्द, एखाद्या पुढाऱ्याची खोड, एखाद्या खड्ड्याची तक्रार हवालदाराच्या वाक्यात गुंफावी, हा पथकाच्या दौऱ्याचा धर्मच असे. कोणत्या जिल्ह्यात कोणत्या शब्दास हशा येतो, बायका कोठे पदर तोंडास लावितात आणि कोठे मोकळेपणी हसतात, मागच्या बाजूस जमिनीवर बसलेल्या माणसास काय ऐकू जाते आणि काय जात नाही, हे ज्ञान कोणत्याही विद्यालयात मिळाले नसते. एकभाषी राज्य होऊन उणीपुरी पाच वर्षे झाली होती. मराठवाडा, विदर्भ आणि पश्चिम महाराष्ट्र एका नकाशात आले होते, तरी एकमेकांच्या हास्याची ओळख अजून व्हावयाची होती. ती ओळख अशा फिरत्या पथकांनी घडवून आणिली.

१९६९ साली भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’ या चित्रपटात दादांनी प्रथम पडद्यावर पाऊल ठेविले. भालजी म्हणजे कोल्हापूरच्या जयप्रभा स्टुडिओचे एकेकाळचे स्वामी आणि मराठी बोलपटाच्या पहिल्या पिढीचे धुरीण. त्या चित्रपटास मराठीतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिकही मिळाले. नव्या नटास याहून चांगले छत्र लाभणे कठीण. तरीही पुढचे पाऊल दादांनी छत्राबाहेर टाकिले. दोनच वर्षांनी, १९७१ मध्ये, त्यांनी ‘सोंगाड्या’ स्वतः निर्माण केला.

विनोदी नटाने स्वतःच निर्माता होण्याचा हा प्रसंग जगात पहिला नव्हता. १९१४ मध्ये दुसऱ्याच्या कंपनीत पगारी नट म्हणून कॅमेऱ्यापुढे उभा राहिलेला चार्ली चॅप्लिन पाच वर्षांत आपल्या चित्रपटांच्या वितरणाची संस्था सहकाऱ्यांबरोबर काढू शकला, आणि आपले चित्रपट आपल्या मनाप्रमाणे, हवा तितका वेळ घेऊन करू लागला. आमच्याकडे मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि पांडुरंग नाईक यांनी १९३६ साली ‘हंस पिक्चर्स’ काढून ‘ब्रह्मचारी’सारख्या विनोदी चित्रपटांची वाट रुळविली. १९५३ च्या ‘गुळाचा गणपती’त पु. ल. देशपांड्यांनी लेखन, दिग्दर्शन, संगीत आणि नायकाची भूमिका ही सारी कामे एकट्याने पेलली. पण त्यानंतर त्यांची प्रतिभा दुसऱ्या दालनांत रमली. दादांचे वेगळेपण यात आहे, की त्यांनी स्वातंत्र्य एका चित्रपटापुरते घेतले नाही; तोच त्यांनी आपला कायमचा शिरस्ता केला. आणि त्यासाठी लागणारे भांडवल केवळ पैशाचे नव्हते. स्टुडिओच्या मालकास अथवा वितरकास जे अंदाजाने ठरवावे लागे, ते त्यांना दीड हजार रात्रींच्या अनुभवाने ठाऊक होते. ज्याला आपला प्रेक्षक ठाऊक आहे, त्याला मध्यस्थाची गरज कमी पडते, आणि त्या दहा वर्षांतील त्यांच्या साऱ्या हालचालींचा अर्थ मला या एका गोष्टीत सापडतो.

‘सोंगाड्या’ची कथा वसंत सबनीसांचीच, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे. धाकात ठेवणाऱ्या आईचा भोळा मुलगा नाम्या तमाशाच्या नादी लागतो, कलावती नावाच्या नर्तकीवर जीव जडवितो, घराबाहेर काढला जातो आणि फडात सोंगाड्या होतो. नाम्या दादांनी केला, कलावती उषा चव्हाण यांनी, आणि ‘आये’ रत्नमाला यांनी. नीळू फुले आणि गणपत पाटील हेही सोबत होते. ढगळ पट्ट्यापट्ट्यांची चड्डी आणि तिची लोंबती नाडी, हा वेश त्या दिवसापासून महाराष्ट्राच्या डोळ्यांत बसला. मला या कथेत मोलाची वाटते ती अशी गोष्ट, की तमाशावरचे पूर्वीचे मराठी चित्रपट बहुधा शाहिराचे अथवा नर्तकीचे होते, आणि सोंगाड्या त्यांत कोपऱ्यात उभा राहून हसवीत असे. येथे तो प्रथमच मध्यभागी आला, आणि त्याच्या पोटी एक घर, एक आई, एक अपमान आणि एक प्रेम असते, हे लोकांनी पाहिले.

चित्रपट तयार झाला, पण तो दाखवावयाचा कोठे, हा प्रश्न उभा राहिला. दादरच्या कोहिनूर चित्रपटगृहात तो लागण्याचे ठरले असता ऐन वेळी हिंदी चित्रपटास जागा देण्याचे घाटू लागले. तेव्हा शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकरे यांनी हस्तक्षेप केला, शिवसैनिक चित्रपटगृहापुढे उभे राहिले, आणि ‘सोंगाड्या’ पडद्यावर आला. मुंबईत मराठी चित्रपटास चित्रपटगृह मिळणे किती दुरापास्त झाले होते, याची ही घटना साक्ष आहे. जागा चळवळीने मिळवून दिली. पण जी गर्दी नंतर आठवड्यामागून आठवडे येत राहिली, ती कोणाच्या सांगण्यावरून येत नव्हती. ‘सोंगाड्या’ने रौप्यमहोत्सव केला. १९७२ मध्ये ‘एकटा जीव सदाशिव’, १९७३ मध्ये ‘आंधळा मारतो डोळा’, आणि १९७५ मध्ये ‘पांडू हवालदार’ असे चित्रपट क्रमाने आले. ओळीने नऊ चित्रपटांच्या रौप्यमहोत्सवाचा जो विक्रम पुढे गिनीज बुकात नोंदला गेला, त्याचा पाया या वर्षांत घातला गेला.

‘पांडू हवालदार’ हा दादांनी स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट, आणि तेथे हे वर्तुळ पुरे होते असे मला वाटते. दहा वर्षांपूर्वी वगातल्या राजाच्या चाकरीत असलेला हवालदार आता मुंबईच्या पोलिसाचा गणवेश घालून रस्त्यावर आला होता. राजा जाऊन सरकार आले होते, पण तळाच्या चाकराची जागा तीच होती. अशोक सराफ यांचे नाव घराघरांत पोहोचले, ते याच चित्रपटाने. आणि विदर्भाच्या माणसास अभिमान वाटावा अशी गोष्ट ही, की याच चित्रपटातून रामलक्ष्मण या नावाने जी संगीतकारांची जोडी पुढे आली, तिच्यातील लक्ष्मण म्हणजे नागपूरचे विजय पाटील. पार्श्वगायनास महेंद्र कपूर आणि उषा मंगेशकर, नायिका उषा चव्हाण, अशी माणसे दादांनी एकदा जोडली की चित्रपटामागून चित्रपट ती तशीच राहत. या रचनेत स्टुडिओपेक्षा फडाची घडण अधिक दिसते. फडाचा मालकच मुख्य सोंगाड्या, त्याचेच पैसे, त्याचीच जोखीम आणि त्याचेच शब्द, ही तमाशाची जुनी पद्धत त्यांनी चित्रपटाच्या धंद्यात जशीच्या तशी चालविली.

आमच्या घाटावरच्या गावांना चित्रपटगृह ठाऊक नव्हते. सिनेमा आमच्याकडे जत्रेबरोबर तंबूतून येई. मातीत रोवलेले खांब, त्यांवर ताणलेला पांढरा पडदा, बाया आणि पुरुष यांच्यामध्ये बांधलेला दोर, इंजिनाची घरघर, आणि रीळ बदलेपर्यंत पसरणारा अंधार व त्या अंधारातली बडबड, अशा जागी दादांचा चित्रपट मी प्रथम पाहिला. पडद्यावर हवालदार साहेबापुढे उभा राहून मुद्दाम उलटे समजून घेई, तेव्हा माझ्या पुढच्या रांगेतली शेतमजूर माणसे जी हसत, त्या हसण्यात मला एक सुटका ऐकू येई. कचेरीच्या पायरीवर दिवस दिवस बसून ज्यांनी उद्या या एवढाच जबाब ऐकला होता, त्यांच्या वतीने कोणीतरी बोलत होते.

दादांच्या विनोदावर अश्लीलतेचा आरोप झाला, आणि त्याकडे डोळेझाक करणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. दुहेरी अर्थाची भाषा गौळणीत आणि बतावणीत परंपरेने आहे. शेतीभातीच्या, गायीगुरांच्या शब्दांतून देहधर्माचा उल्लेख करण्याचे ग्रामीण माणसास वावडे नाही, आणि ज्या समाजाने तीच भाषा फडात चालवून घेतली, त्याने ती पडद्यावर येताच नाक मुरडावे, यात न्याय नव्हता. पण वगातल्या हवालदाराच्या दुहेरी बोलण्याचे दुसरे टोक नेहमी सत्तेकडे वळलेले असे. पुढच्या काळातील चित्रपटांत, विशेषतः हिंदीत, ते टोक बोथट होऊन शब्दांचा खेळ तेवढा उरला, असे माझे मत आहे. आणि त्या खेळाचा भार पडद्यावरच्या स्त्रीनेच अधिक वाहिला, हेही खरे. म्हणूनच १९६५ ते १९७५ या दशकाकडे मी पुनःपुन्हा वळतो. त्या काळातले दादा हसवीत होते, आणि हसविता हसविता कोणाची तरी बाजू घेत होते.

१४ मार्च १९९८ रोजी दादा गेले. तोपर्यंत वतने कायद्याने कधीच खालसा झाली होती. जोहार आणि वेठ इतिहासजमा झाली, आणि ज्यांच्या माथी ती होती, त्यांच्या मुलांनी शाळेची वाट धरिली, हे या देशातले फार मोठे पुण्यकर्म. गावचा कोतवाल सरकारी मानधन घेऊ लागला. एकटे सोंगाड्याचे वतन असे, की ज्याची सनद कोणत्याही राजाने दिली नव्हती, म्हणून कोणत्याही कायद्यास ते काढून घेता आले नाही. ते रक्ताने मिळत नाही, हे नायगावच्या बँडवाल्याने सिद्ध केले. आणि ते फुकटही मिळत नाही, हे त्याच्या दीड हजार रात्रींनी. ज्या अनाम माणसांनी दिवसा दवंडी देऊन रात्री राजाची नक्कल केली, त्यांच्यापासून ते त्याने घेतले, आणि पैनगंगेच्या काठच्या तंबूत, जमिनीवर बसलेल्या त्यांच्याच नातवांना हसवून त्याचा सारा भरला.